वैनगंगेकांठचा व्यापार

नागपूर व छत्तीसगड यांच्या दरम्यान वसलेला भंडारा जिल्हा हा जुन्या व्यापाराचा उंबरठाच होय. आगगाडी येण्यापूर्वीं छत्तीसगडचें धान्य बंजाऱ्यांचे तांडे बैलांच्या पाठीवर लादून येथील अरण्यांतून पश्चिमेस नेत. पितळी भांड्यांसाठीं भंडारा व तलम कापडासाठीं पवनी हीं गांवें त्या काळीं नांवाजलेलीं होतीं.

१८८२ पर्यंत नागपूर-राजनांदगांव लोहमार्ग पुरा झाला आणि तांड्यांचा धंदा बसला. नागपुरांत एम्प्रेस गिरणी १८७७ सालींच सुरू झाली होती. गिरणीच्या स्वस्त कापडापुढें पवनीच्या कोष्ट्यांचे माग मंदावले. तथापि आम्हीं सर्व दोष यंत्राच्या माथीं मारूं नये. तुमसराकडील चिखल्याच्या मँगनीजला परदेशची पेठ दाखविली ती याच आगगाडीनें.

मग कोसा कां टिकला? त्याचा किडा ऐन-अर्जुनाच्या पानांवर वाढतो, ढिवर त्याची राखण करितात आणि आंधळगांवचे विणकर त्याचें सूत हातमागावर चढवितात. झाडाशीं असें जडलेलें कौशल्य गिरणीस उचलून नेतां आलें नाहीं. परंतु ऐनाचें रान तुटलें, तर गिरणीस जें साधलें नाहीं तें कुऱ्हाडीस सहज साधेल, एवढें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें अशी आमची विनंती आहे.