वयात येण्याचा तास

मुलीला न्हाण आलं की पूर्वी तिला मखरात बसवत, ओटी भरत, गोडधोड करत. पण रक्त का येतं, हे कुणी सांगत नसे. पुढे मखर गेलं, बाजूला बसणं राहिलं.

हे मराठीत उघडपणे सांगायची हिंमत केली ती र. धों. कर्व्यांनी. ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक त्यांनी 1927 च्या जुलैत काढलं. हस्तमैथुनासारख्या गोष्टींवर वाचकांनी विचारलेल्या प्रश्नांना सरळ उत्तरं दिली म्हणून कर्व्यांवर खटला झाला. 1934 मध्ये त्यांची बाजू डॉ. आंबेडकरांनी लढवली, तरी दंड भरावाच लागला. विचारणाऱ्याला त्याच्याच शरीराबद्दल उत्तर हवं आहे, एवढं कर्व्यांनी ओळखलं होतं.

शाळेने ते ओळखलं नाही. 1980 साली लोकसंख्या शिक्षण आलं, ते देशाची लोकसंख्या वाढते म्हणून. 2005 च्या सुमारास किशोरावस्था शिक्षण आलं, ते एड्सच्या धास्तीने. दर वेळी काळजी दुसऱ्याच कशाची तरी, मूल आपलं मध्ये. म्हणूनच चित्रांवरून ओरड होताच 2007 मध्ये मध्य प्रदेशाने तो कार्यक्रम थांबवला. महाराष्ट्रातही त्याच वर्षी तो अडला. पुस्तकात धडा होता, पण ‘घरी वाचून या’ म्हणून बाई पुढच्या धड्यावर जात. मध्य प्रदेशातल्या बालाघाटकडच्या लालबर्रासारख्या गावी शाळेची भाषा हिंदी, घरी मराठी नाहीतर पोवारी. ‘मासिक धर्म’ हा पुस्तकी शब्द घेऊन मुलगी आईकडे काय विचारणार?

मग पॅड आले. 2011 च्या केंद्रीय योजनेत आशाताई सहा रुपयांत सहा पॅडचं पाकीट विकत, पाकिटामागे त्यांना एक रुपया मिळे. 2024 च्या ऑगस्टमध्ये मध्य प्रदेशाने सातवी ते बारावीच्या सुमारे 19 लाख मुलींसाठी 57 कोटींहून जास्त रक्कम थेट खात्यात टाकली. ही मदत मोठी आहे, तिचं मोल कमी करायचं नाही. पण खात्यातले पैसे पॅड देतील, उत्तर देणार नाहीत.

उत्तर देण्याची जबाबदारी 2020 पासून शाळेतल्याच दोन शिक्षकांवर आहे, शक्यतो एक बाई आणि एक सर. मला यातला सरांचा भाग महत्त्वाचा वाटतो. झोपेत वीर्य गेलं म्हणून घाबरलेला आठवीतला मुलगा आजही भिंतीवरच्या ‘गुप्तरोग’वाल्या जाहिरातीचा नंबर उतरवून घेतो. हा आजार नाही, हे त्याला सरांनी भर वर्गात, मुलींसमोरच सांगायला हवं.