पीट पोस्टलथ्वेट

गालांची वर आलेली हाडे, बसके नाक आणि उच्चारताना जीभ अडखळावी असे आडनाव! नायकपदाला साजेसे काहीच पीट पोस्टलथ्वेट यांच्यापाशी नव्हते. आडनाव बदलण्याचा सल्ला मिळाला, तोही त्यांनी मानला नाही. उत्तर इंग्लंडमधील वॉरिंग्टन येथे १९४६ साली एका कामगारवर्गीय कॅथलिक कुटुंबात त्यांचा जन्म झाला. काही काळ शिक्षकी केल्यावर त्यांनी ब्रिस्टल ओल्ड व्हिक नाट्यशाळेत शिक्षण घेतले. लिव्हरपूलच्या एव्हरीमन थिएटरमध्ये जोनाथन प्राइस, ज्युली वॉल्टर्स, बिल नाय यांच्या सहवासात त्यांचा अभिनय घडला.

'डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ह्ज' (१९८८) या चित्रपटात त्यांनी घरादाराला धाकात ठेवणारा बाप रंगवला. 'इन द नेम ऑफ द फादर' (१९९३) मध्ये मात्र न केलेल्या गुन्ह्यासाठी तुरुंगात खितपत पडलेला सोशिक बाप त्यांनी तितक्याच ताकदीने उभा केला. या भूमिकेसाठी त्यांना ऑस्करचे नामांकन मिळाले. 'ब्रास्ड ऑफ' (१९९६) मध्ये ते बंद पडू घातलेल्या कोळसाखाणीच्या वाद्यवृंदाचे संचालक झाले. 'द लॉस्ट वर्ल्ड'चे (१९९७) दिग्दर्शक स्टीव्हन स्पीलबर्ग यांनी तर त्यांना जगातील सर्वोत्तम अभिनेता ठरवले.

हॉलीवूडमध्ये नाव होऊनही रंगभूमीशी त्यांचे नाते तुटले नाही. २००८ साली एव्हरीमनमध्येच त्यांनी 'किंग लिअर' साकारला. २ जानेवारी २०११ रोजी कर्करोगाने त्यांचे निधन झाले. त्याच महिन्यात 'द टाउन'मधील भूमिकेसाठी त्यांना बाफ्टाचे मरणोत्तर नामांकन जाहीर झाले, त्याच न बदललेल्या आडनावाने.