आमचा साखरांबा, त्यांचा नाताळ

डिसेंबर लागला की मला चिनी मातीच्या एका बरणीची आठवण होते. तसं पाहिलं तर साखरांब्याचा आणि डिसेंबरचा काही संबंध नाही. कैऱ्या एप्रिल-मेमधल्या, साखरांबाही तेव्हाचाच. पण आमच्या मुलुंडच्या घरात मे महिन्यात भरलेली एक बरणी नाताळपर्यंत न उघडता फळीवर असायची, आणि तेवीस-चोवीस डिसेंबरला ती भिंतीपलीकडच्या घरी जायची. तिथे तिचं काय होतं ते मला कळलं तेव्हा मी बारा-तेरा वर्षांची होते. पुढे शाळेतून निवृत्त झाल्यावर त्या गोष्टीचा माग काढत मी पार लंडनच्या स्वयंपाकघरापर्यंत जाऊन पोचले. (पुस्तकांतून हो, विमानानं नव्हे!)

आम्ही पाच रस्त्याजवळच्या एका बैठ्या चाळीत राहत होतो. आजच्या मुलुंडकरांना ठाऊक नसेल, पण मुलुंड हे मुंबईतल्या सर्वांत आधी आखलेल्या उपनगरांपैकी एक. 1922 साली क्राउन अँड कार्टर या वास्तुरचनाकारांनी इथले सरळ, एकमेकांना काटकोनात छेदणारे रस्ते कागदावर आखले. त्या रस्त्यांवर माणसं मात्र कुणी आखून बसवली नव्हती. आमच्या एका चाळीत कोकणातले, घाटावरचे, कच्छी, आणि पलीकडच्या खोलीत एक ईस्ट इंडियन कुटुंब, मूळचं उत्तनचं. त्या घरातल्या बाईंना आम्ही मुलं मावशी म्हणत असू. आई त्यांना 'पलीकडच्या' म्हणायची.

'ईस्ट इंडियन' या नावाचा घोटाळा मी वर्गातही पुष्कळ वेळा सोडवला आहे. ही माणसं भारताच्या पूर्वेकडची मुळीच नाहीत. ती इथलीच, साष्टी-वसईची, घरात मराठी बोलणारी. 1534 मध्ये वसई पोर्तुगीजांकडे गेली, त्यानंतर इथल्या कोळी, भंडारी, कुणबी अशा अनेक घरांनी ख्रिस्ती धर्म घेतला. 1739 मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकली, 1774 मध्ये साष्टी इंग्रजांनी घेतली. राज्यं बदलली, माणसं आपापल्या गावठाणात तिथेच राहिली. पुढे गोव्याचे आणि मंगळूरचे ख्रिस्ती नोकरीसाठी मुंबईत येऊ लागले. त्यांच्यापासून आपलं वेगळेपण दाखवायला, 'आम्ही कंपनी सरकारच्या वेळेपासूनची रयत' हे सांगायला, 1887 मध्ये व्हिक्टोरिया राणीच्या ज्युबिलीच्या सुमारास इथल्या लोकांनी हे नाव घेतलं. कंपनी बुडून तेव्हा तीसेक वर्षं झाली होती, हा भाग निराळा!

तर त्या मावशींचे यजमान फोर्टातल्या एका कंपनीत होते. नाताळच्या आधी ते मुंबईहून (आम्ही तेव्हा फोर्टात जाण्याला 'मुंबईला जाणं' म्हणत असू) डुकराच्या मांडीचा खारवलेला मोठा तुकडा घेऊन यायचे. हाच तो हॅम. एरवी त्यांच्या सणाला सोरपातेल, विंदालू, फुगे हे असेच. हॅम हा साहेबाच्या टेबलावरून उतरलेला पदार्थ, त्यामुळे त्याचा थाट मोठा. तो रात्रभर पाण्यात भिजवायचा, म्हणजे जास्तीचं मीठ सुटतं. मग मंद आचेवर तासन् तास उकडायचा, वरची कातडी सोलायची, चरबीवर सुरीनं शंकरपाळ्यासारख्या चौकटी पाडायच्या, प्रत्येक चौकटीत एकेक लवंग खोचायची आणि साखर चोळून भाजायला न्यायचा. चाळीत भट्टी कुठली? तो बेकरीत जायचा. दिवाळीत आपण नानकटाईचे पत्रे डोक्यावर घेऊन बेकरीत जात असू, अगदी तसाच. एवढं सगळं मला माहीत आहे ते नुसतं बघून. मी तो कधी खाल्ला नाही, आजही खात नाही.

पण त्याच्या शेजारची आंबटगोड चटणी मी खाल्ली आहे.

त्या वर्षी, म्हणजे 1963 किंवा 64 साली, आईनं बरणी माझ्या हाती दिली आणि 'दारातूनच देऊन ये' म्हणाली. मी अर्थातच आत गेले. मावशींनी माझ्यादेखत अर्धी बरणी इनॅमलच्या पातेल्यात रिकामी केली. त्यात किसलेलं आलं, भिजवून वाटलेल्या दोन लाल मिरच्या, मूठभर मनुका, चिमूटभर मोहरीची पूड आणि ताडीचा शिरका. पातेलं तापलं तशी शिरक्याची वाफ नाकात गेली आणि मला असा ठसका लागला! मावशी हसल्या. एका फुग्यावर चमचाभर चटणी घालून त्यांनी माझ्या हातात ठेवली. (फुग्यात अंडं असतं हे मला फार नंतर कळलं.) चव अशी की आधी आमचा साखरांबा, मग आंबट, मग तिखट, आणि शेवटी परत साखरांबा. मी विचारलं, "हे कशाबरोबर खातात?" त्यांनी ओट्यावरच्या झाकलेल्या तुकड्याकडे बोट केलं.

घरी येऊन मी काही बोलले नाही. आमच्या घरी सोवळं होतं. आई त्यांच्या घरात कधी गेली नाही, त्यांच्याकडचं शिजवलेलं काही आमच्या घरात कधी आलं नाही. तिच्या हातचा साखरांबा डुकराच्या मांसाला लावून खातात हे तिला कळलं तर बरणी जायची बंद होईल, हे बारा वर्षांच्या मुलीलाही समजत होतं.

आता थोडं लंडनबद्दल. मिठात मुरवलेल्या, चरबी असलेल्या मांसाबरोबर काहीतरी आंबटगोड हवं ही इंग्रजांची जुनी सवय. आंबट चव चरबीचा तुपकटपणा कापते, गोड चव मिठाला आवरते. साधं गणित आहे. जेवणाच्या ताटात डाव्या बाजूला आपण पंचामृत किंवा मेथांबा वाढतो त्याच्यामागेही हेच गणित असतं. इंग्रजांकडे थंड हॅमबरोबर कंबरलँड सॉस असतो : रेड करंट नावाच्या बेरीची जेली, संत्र्याची साल, पोर्ट ही गोड दारू आणि मोहरी. ही बेरी म्हणजे चवीला आपल्या करवंदाची लांबची बहीण समजा. मग हिंदुस्थानात राहिलेले साहेब आणि मडमा परत गेल्या, त्या जिभेवर कैरीची चव घेऊन. कैरी काही बोटीतून ताजी पोचत नव्हती. मग काय करावं? इसाबेला बीटन बाईंचं घरसंसारावरचं जाडजूड पुस्तक 1861 मध्ये निघालं. त्यात आंब्याच्या चटणीची एक 'बंगाली' कृती आहे. साखर आहे, मीठ आहे, लसूण, कांदा, सुंठ, लाल मिरच्या, मोहरी, मनुका, दोन बाटल्या शिरका आहे, आणि आंब्याच्या जागी तीस मोठी, कच्ची, आंबट सफरचंदं! आंब्याच्या चटणीत आंबाच नाही. ही कृती हिंदुस्थानात बरीच वर्षं राहिलेल्या एका बाईला इथल्याच कुणीतरी सांगितली, आणि परत गेल्यावर ती त्या चटणीसाठी मैत्रिणींमध्ये प्रसिद्ध झाली, असंही बीटनबाई लिहितात. सांगणाऱ्याचं नाव अर्थातच नाही.

ही यादी पहिल्यांदा वाचली तेव्हा मी चष्मा काढून पुसला. लसूण-कांदा सोडला तर मावशींचं पातेलंच होतं ते.

मग यात धंदा शिरला. मुंबईच्या मेरवानजी पूनजियाजी आणि मंडळींसारख्या पेढ्या मसाले आणि आंब्याच्या चटण्या बाटल्यांत भरून परदेशी पाठवू लागल्या. तिकडे 'मेजर ग्रे' नावाची गोड चटणी इतकी रूढ झाली की ते एका चटणीचं नाव न राहता प्रकाराचं नाव झालं. हे मेजरसाहेब खरोखर होते की बाटलीवरच जन्मले, याचा पुरावा कुणापाशी नाही. आणि गंमत म्हणजे हीच बाटली साहेबाच्या ताटातून हॅमला धरून पुन्हा मुंबईत आली, क्लबांत आणि मग साहेबांच्या हाताखाली काम करणाऱ्यांच्या घरांत. मावशींना बाटली परवडत नव्हती. त्यांनी भिंतीपलीकडचा साखरांबा वापरला. म्हणजे कैरी लंडनला जाऊन, सफरचंद होऊन, परत येऊन पाच रस्त्यावर पुन्हा कैरी झाली.

शब्दांचीही अशीच ये-जा आहे. मी मराठी शिकवत असे, म्हणून राहवत नाही. चटणी म्हणजे चाटायची ती, हे उघड आहे. पण मुरांबा? 'मुरलेला आंबा' असं आपण मुलांना बिनदिक्कत सांगतो. मूळ शब्द अरबी, मुरब्बा, म्हणजे पाकात टिकवलेलं फळ. आपल्या कानाला त्यात आंबा ऐकू आला आणि आपण तो शब्द आपलासा केला. मग त्याच्या धर्तीवर साखरांबा, गुळांबा, मेथांबा अशी सगळी भावंडं जन्मली. अननस पोर्तुगीजांबरोबर ब्राझीलहून आला, नावासकट. मिरचीही त्यांच्याच बोटीतून आली. विंदालूतला 'आलू' बटाटा नाही, तो पोर्तुगीज लसूण आहे, आणि 'विन' म्हणजे वाइन, जिची जागा इथे शिरक्यानं घेतली. आमच्या सोवळ्याच्या स्वयंपाकघरात मिरची रोज होती. ती कुणाच्या हातून आली हे कुणी विचारलं नाही.

असो. बरणीकडे येते. भांडं रिकामं परत करायचं नाही ही रीत आपल्याइतकीच त्यांचीही. पण भरणार कशानं? केक दिला तर आई घेणार नाही हे मावशींना पक्कं ठाऊक होतं. कोरडा शिधा मात्र चालतो, त्याला विटाळ नाही. म्हणून बरणी धुऊन, उन्हात वाळवून, जानेवारीत परत यायची ती गळ्यापर्यंत साखरेनं भरून. 1963 पासून साखरेवर पुन्हा नियंत्रण आलं होतं, आमच्याकडे ती कार्डावर मोजून मिळायची. घरात तीन मुलं असलेली बाई बरणीभर साखर कुठून वाचवत होती, हे मी तेव्हा मोजलं नाही. आई ती साखर वेगळी ठेवायची आणि मे महिन्यात तिचाच साखरांबा करायची.

हल्ली मी दर डिसेंबरला ती चटणी करते. कुणाला करून पाहायची असेल तर : वाटीभर साखरांबा, दोन मोठे चमचे शिरका, चमचाभर किसलेलं आलं, मूठभर मनुका, एक भिजवून वाटलेली लाल मिरची, पाव चमचा मोहरीची पूड, किंचित मीठ. सगळं स्टीलच्या किंवा इनॅमलच्या भांड्यात मंद आचेवर, चमच्याच्या पाठीवर थर धरेपर्यंत. गार झाल्यावर आणखी घट्ट होते, म्हणून जरा सैलच उतरवावी. पितळेच्या भांड्यात, त्यातून कल्हई गेलेल्या, मुळीच करू नये. आंबटानं कळकतं. साखरांबा नसेल तर अननसाचे बारीक तुकडे साखरेत शिजवून घ्यावेत. हॅम खाणाऱ्यांनी हॅमबरोबर खावी. मी थालीपीठाबरोबर खाते आणि मला ती पुरते.

मावशींचं कुटुंब 1978 च्या सुमारास वसईला गेलं. चाळ पडली, तिथे आता मोठी इमारत आहे. आई शेवटपर्यंत त्यांच्या उंबऱ्याच्या आत गेली नाही. याचं मला वाईट वाटतं, आजही. तिचा बचाव करायला मी हे लिहीत नाही.

पण एक मे महिना आठवतो. मी बीए होऊन नुकतीच शाळेत लागले होते, म्हणजे 1972-73 असेल. पाक झाला होता, कीस पारदर्शक झाला होता, मी वेलदोड्याची पूड घालायला वाटी उचलली. आई म्हणाली, "थांब. आधी पलीकडच्यांची बरणी भरून घे."

"का?"

"वेलदोडा त्यांच्या कामाचा नाही. त्याबरोबर बरा लागत नाही."

मी तिच्याकडे पाहत राहिले. कशाबरोबर, ते तिनं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. तिनं बरणी भरली, काठ पुसला, आणि दादरा बांधायला सुतळी मागितली.