माळेच्या बहिणी

॥ राम कृष्ण हरी ॥

आपल्या दिंडीला शंभर वर्षं पुरी झाली. या पुस्तकात विणेकऱ्यांची यादी आहे, मृदंग वाजवणाऱ्यांची आहे, कोणत्या मुक्कामाला कुणी पंगत दिली त्याचीही आहे. याद्या वाचून झाल्या आणि आमच्या ध्यानात आलं, की यात एकाही बाईचं नाव नाही. जुन्या वहीत शेवटच्या ओळीला नुसतं 'बाया' असं लिहून पुढं आकडा घातलेला. आम्ही चौथी शिकलेले, शेती आणि कीर्तन एवढंच आमचं काम. पण हे राहिलेलं पान कुणीतरी लिहायला पाहिजे, म्हणून ही सेवा.

पाबळ म्हटलं की लांबचा माणूस मस्तानीची समाधी विचारतो. बुंदेलखंडातून आलेली बाई १७४० साली गेली, तिची जागा अजून लोक बघायला येतात. राजघरच्या बाईचं नाव राहतं. डोक्यावर तुळस घेऊन पंढरीला चाललेल्या बाईचं राहत नाही. त्या बाया एकमेकींच्या आधारानं चालल्या, आणि त्या आधाराचं नाव होतं गुरुबहीण.

गुरुबहीण म्हणजे कोण, हे आता नव्या पोरींना सांगावं लागतं. एकाच महाराजांच्या हातून ज्यांनी तुळशीची माळ घेतली, त्या गुरुबहिणी. माळ घातली की एकादशी धरायची, मांस-दारू वर्ज्य करायचं, पंढरीची वारी करायची, हा नेम. मग त्या दोघी कुठल्या का गावच्या, कुठल्या का भावकीच्या असेनात, त्या बहिणी झाल्या. पाठची बहीण आईबापानं दिलेली. नणंद-जाऊ सोयरिकीनं आलेली. गुरुबहीण तेवढी बाईनं आपल्या मनानं केलेली. जुन्या काळी बाईला विचारून दुसरं काय होत होतं, सांगा बरं?

हे नातं आपल्या संप्रदायात पहिल्यापासून आहे. गंगाखेडची जनाबाई लहानपणीच पंढरपुरात दामाशेटींच्या घरी आली. तिला माहेर नाही, सासर नाही, बहीण नाही. जातं तर एकटीनं ओढवत नाही, खुंट्याला दुसरा हात लागतो. तो दुसरा हात पांडुरंगानं लावला, आणि जनाई त्याला विठाबाई म्हणू लागली. गोपाळपूरला तिचं जातं आजही दाखवतात. माउलींनो, ध्यानात घ्या, एकट्या बाईला सोबत द्यायची तर देवालासुद्धा बाई व्हावं लागलं.

दुसरी कथा सोयराबाई आणि निर्मळेची. सोयरा चोखोबांची बायको, निर्मळा चोखोबांची बहीण. निर्मळेचा नवरा बंका महाराज, तो सोयराचा भाऊ. म्हणजे दोन्ही बाजूंनी नणंद-भावजय. पण दोघींचा गुरू एकच, चोखोबा. त्या नात्यानं त्या गुरुबहिणी, आणि दोघींचेही अभंग आपण आजपर्यंत म्हणतो. सोयरा बाळंत व्हायची झाली तेव्हा चोखोबा घरी नव्हते, मेहुणपुरीला निर्मळेकडं गेलेले. तेव्हा देव निर्मळेचं रूप घेऊन आला आणि सोयराचं बाळंतपण करून गेला, अशी कथा आम्ही कीर्तनात सांगतो. देवानं वैद्याचं रूप घेतलं नाही, राजाचं घेतलं नाही. घेतलं ते निर्मळेचं.

आता आपल्या दिंडीचं बघा. पुढं पताका, मग टाळकरी, मृदंग, विणेकरी, आणि त्यामागं तुळस आणि पाण्याचा हंडा घेतलेल्या बाया. आळंदीपासून पंढरीपर्यंत अठरा-वीस दिवसांची वाट. तरण्या सुनेला एकटी कोण सोडणार? सासू म्हणायची, संगं कोण हाये? मग गुरुबहीण दारात येऊन सांगायची, "मी हाये, जशी नेते तशी आणते." त्या एका शब्दावर बाई घराबाहेर पडली. दिवे घाट चढताना एकीची तुळस दुसरीनं घेतली, तीन दगडांच्या चुलीवर एकीनं भाकरी थापली तर दुसरीनं ओलं सरपण फुंकलं. विणा एकाकडून दुसऱ्याकडं गेला त्याचं साल आपल्या वहीत आहे. तुळस एका गुरुबहिणीकडून दुसरीकडं गेली त्याचं नाही. खरं तर निम्मी दिंडी या नात्यावर उभी राहिली.

पण नुसतं गोड लिहिलं तर ते खोटं होईल. दिंडी निघाली तेव्हाची गोष्ट. चोखोबांच्या समाजातली बाई आपल्या गुरुबहिणीबरोबर पंढरीपर्यंत चालायची, पण देवळात जायची वेळ आली की ती चोखोबांच्या समाधीपाशी बाहेर थांबायची. बहीण आत जायची. साने गुरुजींनी १९४७ च्या मे महिन्यात उपोषण केलं तेव्हा ते दार उघडलं. देवळाचं दार उघडलं तरी पंगतीचं लगेच उघडलं नाही. पुण्याच्या इरावतीबाई कर्वे पालखीबरोबर चालल्या होत्या, त्यांनी 'वाटचाल' नावाच्या लेखात लिहून ठेवलं आहे, की एका दिंडीतल्या बायांची जेवणं जातीप्रमाणं निराळी होत. त्यांना त्याची फार खंत वाटली.

आमच्या आईची गुरुबहीण चोखोबांच्या समाजातली होती. वाटेवर दोघी एकमेकींच्या पाया पडायच्या, माउली म्हणायच्या. घरी आल्यावर आमची आजी तिला ओट्याच्या वर येऊ द्यायची नाही. मग आईच खाली अंगणात जाऊन बसायची. १९७२ च्या दुष्काळात दोघी एकाच कामावर खडी फोडायला होत्या. आम्ही तेव्हा बारा वर्षांचे. मिलोच्या लाल भाकरी आणि सुकडीवर दिवस काढलेले. पुढच्या आषाढीला दोघींनी जाण्याइतका शिधा काही जमला नाही. गुरुबहीण आईला म्हणाली, "तू जा. माज्या वाटंचं बी चाल. पोरं-गुरं मी बघते." आई गेली. तिनं वीस दिवस आमच्या गोठ्यातलं शेण काढलं, गुरांना पाणी दाखवलं, आम्हाला अंगणात बसवून भाकरी खाऊ घातली. ती घरात काही आली नाही, आणि कुणी बोलावलंही नाही.

पुढं आई गेली. आम्ही तेव्हा कीर्तनकार म्हणून चार गावांत उभे राहत होतो. गुरुबहीण चंद्रभागेचं पाणी आणि तुळशीचं पान घेऊन आली. आईला अंघोळ घालायला बहिणीचा हात लागावा अशी तिची इच्छा. भावकीतल्या बाया आडव्या झाल्या. आम्ही थोरला लेक, दारात उभे. एक शब्द बोलायला पाहिजे होता. सोयरा-निर्मळेची कथा आम्ही किती फडांवर सांगितली असेल, पण त्या दिवशी आमच्या तोंडून शब्द निघाला नाही. तिनं पाणी आणि पान उंबऱ्यावर ठेवलं, लांबून हात जोडले आणि गेली.

त्या आषाढीला आम्ही दिंडीत बघितलं, तर तिच्या डोक्यावर तुळस होती ती आईची. आमच्या धाकट्या बहिणीकडून मागून नेलेली. आम्ही मान खाली घालून पाया पडलो. ती म्हणाली, "तुज्या आईच्या वाटंचं चालते रं. तिनं माजं चाललं होतं, ते फेडते." रागावली नाही. रागावली असती तर आम्हाला बरं वाटलं असतं. तीन वर्षं तिनं आईची तुळस नेली. मग तीही गेली. या वेळी आम्ही न बोलावता गेलो, आणि तिच्या लेकाबरोबर खांदा दिला. आईच्या दारात जे बोलायचं राहिलं, ते यानं भरून आलं असं आम्ही म्हणत नाही.

आता पिठाच्या गिरण्या आहेत, दिंडीबरोबर ट्रक आहे, पाण्याचा टँकर आहे, बायांना कुणाची परवानगी मागायचं काम राहिलं नाही. हे बरंच झालं. पण परवानगीचं काम संपलं म्हणून गुरुबहिणीचं काम संपलं, असं कुणी समजू नये. घरात कोंडमारा होणारी सून आजही आहे, लेकरं शहराला गेलेली म्हातारी आहे. तिला मोबाईल आहे, पण सरपण फुंकणारी दुसरी पाहिजे. माळ घेणाऱ्या पोरींना आमचं सांगणं आहे, की माळेबरोबर एक बहीणही करा, आणि तिची जात विचारू नका. बाप्यांना सांगणं, तुमच्या आईची गुरुबहीण दारात आली तर उंबऱ्याच्या आत घ्या. आमच्यासारखे उभे राहू नका.

या लेखामागं दोन पानं कोरी सोडावीत अशी विनंती आम्ही मंडळींना केली, ती त्यांनी मान्य केली. पुस्तक घरी न्याल तेव्हा आपल्या आजीचं, आईचं नाव त्या पानावर लिहा, आणि शेजारी तिच्या गुरुबहिणीचं लिहा. माहीत नसेल तर घरातल्या म्हातारीला आजच विचारा. आमच्या पुस्तकात आम्ही दोन नावं लिहिली आहेत, एकाच ओळीत.

॥ राम कृष्ण हरी ॥