थकव्याची नोंद

‘दमायला होतंय गं,’ असे आई महिनोन्‌महिने म्हणत होती. आम्ही टॉनिक आणले. ती हृदयविकाराने गेली. त्यानंतरच्या वाचनात मला जीन मॅकस्वीनी सापडल्या, अमेरिकेतल्या आर्कान्सा विद्यापीठातील परिचारिका-संशोधक. झटक्यातून वाचलेल्या ५१५ स्त्रियांना त्यांनी व सहकाऱ्यांनी विचारले, ‘आधी काय होत होते?’ २००३ मध्ये निष्कर्ष ‘सर्क्युलेशन’मध्ये छापून आले. ९५ टक्के जणींना महिन्याहून अधिक काळ आधी लक्षणे जाणवली होती. सुमारे ७१ टक्क्यांना नेहमीपेक्षा वेगळा थकवा, जवळपास निम्म्या जणींना झोपेची तक्रार. प्रत्यक्ष झटक्यात ४३ टक्के स्त्रियांच्या छातीत दुखलेच नव्हते! अर्थात, या वाचलेल्या बायका. दगावलेल्यांचे सांगणे त्यात नाही.