पटावरील पांच वर्षें

बुद्धिबळांच्या खेळांत कीर्ति मिळवावयाची तर बहुधा सारें आयुष्य खर्ची पडतें. बालपणीं पटाची ओळख व्हावी, तारुण्यांत ग्रंथांचा अभ्यास करावा, दहा ठिकाणीं हार खाऊन शहाणपण मिळवावें आणि मग कोठें थोरांच्या पंक्तीस बसण्याची पात्रता यावी, असा हा लांबचा रस्ता आहे. या नियमास एक विलक्षण अपवाद होऊन गेला. पंजाबांतील एका खेड्यांत वाढलेले एक गृहस्थ पंचविशीच्या सुमारास विलायतेस गेले, पांच वर्षांच्या आंत त्यांनीं तीन वेळां ब्रिटिश अजिंक्यपद मिळविलें, जगांतील पहिल्या प्रतीच्या खेळाडूंना नमविलें, आणि मग पट गुंडाळून ते मुकाट्यानें आपल्या गांवीं परतले. त्यांचें नांव मीर सुलतान खान.

सुलतान खान यांचा जन्म १९०३ च्या सुमारास मिठा टिवाना या गांवीं झाला. हें गांव आतां पाकिस्तानांतील खुशाब जिल्ह्यांत मोडतें. नवव्या वर्षीं वडिलांनीं त्यांना बुद्धिबळें शिकविलीं आणि एकविसाव्या वर्षीं पंजाबांत त्यांच्या तोडीचा खेळाडू उरला नाहीं. परंतु हीं बुद्धिबळें देशी पद्धतीचीं होतीं. या पद्धतींत प्यादें पहिल्या खेळीसही एकच घर चाले. तें शेवटच्या घरास पोंचलें म्हणजे खेळणाराच्या मर्जीप्रमाणें वजीर होत नसे. ज्या मोहऱ्याच्या घरीं तें पोंचे तेंच मोहरें त्याला मिळे. किल्लेकोट नव्हता, त्याऐवजीं शह बसण्यापूर्वीं राजाला एकदां घोड्याची अडीच घरांची उडी घेण्याची मुभा असे. अशा नियमांनीं डाव सावकाश चाले. घाईनें हल्ला करणारापेक्षां मोर्चा नीट बांधून वाट पाहणाराची त्यांत सरशी होई. सुलतान खान यांच्या खेळाचा पिंड या संथ खेळानें घडविला होता, ही गोष्ट ध्यानांत ठेविली म्हणजे त्यांच्या पुढील पराक्रमाचा उलगडा होतो.

त्यांच्या गुणांची पारख सर उमर हयात खान टिवाना यांनीं केली. सर उमर हे पंजाबांतील मोठे जमीनदार, लंडन येथील इंडिया कौन्सिलचे सभासद आणि बुद्धिबळांचे शोकीन होते. त्यांनीं सुलतान खान यांना आपल्या आश्रयास ठेवून युरोपियन पद्धतीचा खेळ शिकविण्याची व्यवस्था केली. १९२८ सालीं अखिल भारतीय सामन्यांत एकही डाव न हरतां सुलतान खान पहिले आले आणि पुढच्याच वर्षीं सर उमर त्यांना घेऊन लंडनला गेले.

तेथील आरंभ मात्र आशादायक नव्हता. सरावासाठीं भरविलेल्या एका छोट्या सामन्यांत त्यांना तळाची जागा मिळाली. कारण उघड होतें. युरोपांत डावाच्या पहिल्या दहा-पंधरा खेळ्यांचें एक शास्त्रच झालेलें होतें; त्यावर ग्रंथ होते आणि प्रत्येक नामांकित खेळाडूस ते मुखोद्गत असत. ही शिदोरी सुलतान खान यांच्याजवळ नव्हती. विंटर आणि येट्स या दोन इंग्रज खेळाडूंनीं त्यांना या भागाची तोंडओळख करून दिली. त्यानंतर थोड्याच अवधींत रॅम्सगेट येथें ब्रिटिश अजिंक्यपदाचे सामने झाले. ज्यांच्या विजयाची फारशी कोणास अपेक्षा नव्हती, तेच सुलतान खान त्यांत पहिले आले!

पुढचीं वर्षें म्हणजे यशाची मालिकाच होय. १९३० सालीं लीएज येथील सामन्यांत ते टार्टाकोवर यांच्या पाठोपाठ दुसरे आले. त्याच वर्षाच्या अखेरीस हेस्टिंग्ज येथें त्यांची गांठ क्यूबाचे कापाब्लांका यांच्याशीं पडली. १९२१ पासून १९२७ पर्यंत जागतिक अजिंक्यपद भोगलेला हा खेळाडू हरणें किती दुर्मिळ होतें, हें बुद्धिबळांच्या रसिकांस सांगावयास नको. सुलतान खान यांनीं त्यांना झटपट हल्ला करून जिंकलें नाहीं. एकेक घर दाबीत, सुटकेच्या वाटा बंद करीत, पासष्टाव्या खेळीस त्यांनीं डाव पदरांत पाडला. १९३१ च्या जानेवारींत टार्टाकोवर यांच्याशीं झालेला बारा डावांचा सामना त्यांनीं एका गुणानें जिंकला. त्याच वर्षीं प्राग येथील राष्ट्रांच्या सामन्यांत ते ब्रिटिश संघाच्या पहिल्या पटावर बसले होते. सतरा डावांपैकीं आठ त्यांनीं जिंकले, सात बरोबरींत सोडविले आणि अवघे दोन गमावले. जिंकलेल्यांत फ्लोर आणि रुबिनस्टाइन यांच्याविरुद्धचे डाव होते, तर त्या वेळचे जगज्जेते अलेखाइन यांच्याशीं त्यांनीं बरोबरी केली.

हें सर्व घडत असतां त्यांची प्रकृति त्यांना साथ देत नव्हती. विलायतेची दमट थंडी त्यांना मानवली नाहीं. हिंवताप, पडसें, घशाचा विकार यांनीं ते वारंवार बेजार होत आणि पुष्कळदां गळ्यास पट्ट्या गुंडाळूनच पटावर बसत. परकी भाषा दुभाष्याच्या मदतीनें निभावून न्यावी लागे. तरीही १९३२ आणि १९३३ या दोन्ही सालीं ब्रिटिश अजिंक्यपद त्यांच्याकडेच आलें. १९३३ सालीं तर हेस्टिंग्ज येथें आणखी एक नवल घडलें. सर उमर यांच्याच परिवारांतील मिस फातिमा यांनीं एकही डाव न हरतां स्त्रियांचें ब्रिटिश अजिंक्यपद मिळविलें. पुरुषांचें व स्त्रियांचें, अशीं दोन्ही पदें एकाच वर्षीं एकाच हिंदी घराण्याच्या छत्राखालीं आलीं.

आणि येथेंच ही कथा थांबते. १९३३ च्या डिसेंबरांत सर उमर हिंदुस्थानांत परत आले व सुलतान खानही त्यांच्यासमवेत आले. १९३५ सालीं महाराष्ट्रांतील नामांकित खेळाडू वि. का. खाडिलकर यांच्याशीं त्यांचा दहा डावांचा सामना झाला. खाडिलकरांना एका डावांत बरोबरी साधतां आली. बाकीचे नऊ सुलतान खान यांनीं जिंकले. पस्तिशीही न उलटलेला हा खेळाडू अद्याप ऐन भरांत होता, हें त्यावरून दिसतें. तथापि यानंतर युरोपच्या सामन्यांत ते पुन्हां दिसले नाहींत. आपल्या गांवीं शेतीवाडी पाहत त्यांनीं उरलेलें आयुष्य घालविलें आणि १९६६ सालीं सरगोधा येथें क्षयानें त्यांचें निधन झालें.

त्यांच्याविषयीं पुष्कळ पुस्तकांतून असें छापलें गेलें कीं, ते निरक्षर होते आणि सर उमर यांचे केवळ एक नोकर होते. त्यांच्या वंशजांनीं ही गोष्ट साफ नाकारली आहे. त्यांच्या म्हणण्याप्रमाणें सुलतान खान हे जमीनजुमला असलेल्या प्रतिष्ठित घराण्यांतील होते व त्यांना लिहितां-वाचतांही येत होतें. परंतु केव्हां जावयाचें आणि केव्हां परतावयाचें, हें ठरविणारे मात्र सर उमर होते, यांत संशय नाहीं. त्यांच्या मुक्कामाबरोबर ही कारकीर्द सुरू झाली आणि त्यांच्या मुक्कामाबरोबरच ती संपली.

या कथेंत मोठी हानि झाली असें रसिकांस वाटतें, आणि तें स्वाभाविक आहे. दहा वर्षें अधिक मिळतीं तर हा पुरुष कोठवर चढला असता, असा प्रश्न मनांत उभा राहतोच. परंतु ज्याची हानि झाली म्हणावयाचें, त्याचें मत निराळें असावें. मिस फातिमा यांनीं पुढें सांगितलें कीं, मायदेशीं परतल्यावर सुलतान खान यांना तुरुंगांतून सुटल्यासारखें वाटलें. आपल्या मुलांना त्यांनीं या खेळाचे धडे दिले नाहींत. आयुष्यांत याहून अधिक उपयोगाचें कांहीं करा, असें ते त्यांना सांगत, अशी त्यांच्या मुलाची आठवण आहे. जगाला जो विजय दिसला, त्याची किंमत मोजणारास तो तसाच दिसला असेल असें नाहीं.

जागतिक बुद्धिबळ संघटनेनें १९५० सालीं ग्रँडमास्टर ही पदवी देण्यास आरंभ केला, तेव्हां सुलतान खान हयात होते. परंतु त्यांचें स्मरण कोणास झालें नाहीं. अखेर २०२४ सालीं, त्यांच्या निधनानंतर सत्तावन्न वर्षांनीं, संघटनेनें त्यांना सन्माननीय ग्रँडमास्टर ही पदवी अर्पण केली. न्याय झाला, पण उशिरां झाला. पदवीचा कागद आतां वंशजांच्या हातीं आहे. सुलतान खान यांचें खरें मानपत्र मात्र हेस्टिंग्जच्या त्या पासष्ट खेळ्यांत आहे. आणि पट मांडून तें आजही कोणास वाचतां येतें.