स्टुडिओच्या पडद्यापासून संगणकाच्या पडद्यापर्यंत : मांडलेल्या प्रतिमेचा इतिहास (बीड जिल्ह्याच्या विशेष संदर्भात)

प्रस्तावना :

छायाचित्रणाच्या इतिहासाचे लेखन आपल्याकडे बहुधा दोन अंगांनी झाले आहे. एक कॅमेऱ्याच्या तंत्रातील प्रगती आणि दुसरे नामवंत छायाचित्रकारांची चरित्रे. कॅमेऱ्यासमोर येणाऱ्या माणसाला कसे उभे केले गेले, त्याच्यामागे काय ठेवले गेले आणि हे ठरविण्याचा अधिकार कोणाकडे होता, या प्रश्नाकडे त्या मानाने दुर्लक्ष झाले. गेल्या पंचवीस वर्षांत या प्रश्नाला एक अनपेक्षित परिशिष्ट जोडले गेले आहे. फेब्रुवारी २००० मध्ये अमेरिकेतील मॅक्सिस या संस्थेने विल राइट यांच्या संकल्पनेवर आधारलेला ‘द सिम्स’ हा संगणकीय खेळ प्रसिद्ध केला. या खेळात रूढ अर्थाने जिंकणे वा हरणे नाही. खेळाडू काल्पनिक माणसे घडवितो, त्यांना घर बांधून देतो, नोकरीस लावतो, त्यांचे संसार चालवितो. या पात्रांची छायाचित्रे काढून कुटुंबाचा अल्बम लावण्याची सोय पहिल्याच आवृत्तीत होती. पुढे त्या छायाचित्रांची एक स्वतंत्र कलाच निर्माण झाली.

या कलेला केवळ संगणकयुगाचे अपत्य समजणे इतिहासाच्या दृष्टीने अपुरे आहे. खेळातील पात्राचे चांगले छायाचित्र काढणारा खेळाडू ज्या अडचणींशी झगडतो, त्यांपैकी बहुतेक दख्खनमधील स्टुडिओ छायाचित्रकारांनी शतकापूर्वीच हाताळल्या होत्या. फरक आहे तो अधिकाराच्या जागेत. बीडसारख्या जिल्ह्याच्या दृष्टीने हा फरक महत्त्वाचा ठरतो, म्हणून त्याचा विचार येथे केला आहे.

दुसऱ्याने मांडलेला माणूस :

मुंबईत १८५४ मध्ये फोटोग्राफिक सोसायटीची स्थापना झाली. डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे तिच्याशी निगडित असलेल्या आरंभीच्या मराठी छायाचित्रकारांपैकी होत. याच काळात मुंबईत काम करणाऱ्या विल्यम जॉन्सन याने येथील जातिजमातींचा सचित्र ग्रंथ १८६३ आणि १८६६ अशा दोन खंडांत प्रसिद्ध केला. त्या चित्रांची रचनापद्धती मुद्दाम लक्षात घेण्याजोगी आहे. माणसांचे गट स्टुडिओत उभे करून त्यांची छायाचित्रे घेतली जात आणि मुंबईच्या परिसरातील देखाव्यांच्या वेगळ्या छायाचित्रांशी त्यांची जोडणी केली जाई. म्हणजे चित्रात जो माणूस समुद्रकाठी वा देवळासमोर उभा दिसतो, तो त्या क्षणी तेथे नव्हता. आकृती एकीकडची, पार्श्वभूमी दुसरीकडची आणि दोहोंचा मेळ घालणारा तिसराच, ही मांडणी तेव्हापासूनची आहे. ब्रिटिश शासनाच्या वतीने १८६८ ते १८७५ या काळात निघालेल्या ‘द पीपल ऑफ इंडिया’ या आठ खंडांच्या प्रकल्पातही माणूस व्यक्ती म्हणून क्वचितच येतो. तो ‘नमुना’ म्हणून येतो.

निजामाच्या राज्यात, ज्याच्या औरंगाबाद सुभ्यात बीड जिल्ह्याचा समावेश होता, छायाचित्रणाची परंपरा लाला दीनदयाळ (१८४४-१९०५) यांच्या नावाशी जोडलेली आहे. रुरकीच्या महाविद्यालयात अभियांत्रिकीचे शिक्षण घेतलेल्या दीनदयाळ यांना सहावे निजाम मीर महबूब अली खान यांनी दरबारी छायाचित्रकार नेमले आणि पुढे ‘मुसव्विर जंग’ हा किताब दिला. त्यांच्या हैदराबादमधील जनाना स्टुडिओत पडदानशीन स्त्रियांची छायाचित्रे काढण्यासाठी एका इंग्रज स्त्रीची नेमणूक होती. दरबारातील मंडळींना आपण कसे दिसावे हे सांगण्याची मुभा होती. खुर्ची कोणती, तलवार कोणत्या हातात, मागचा पडदा कोणता, याबाबत त्यांची इच्छा चाले.

त्याच स्टुडिओने १८९९-१९०० च्या भीषण दुष्काळात औरंगाबाद भागातील मदतकार्याची छायाचित्रेही काढली. तेथे रांगेत बसविलेल्या माणसांना असा कोणताही अधिकार नव्हता. त्याआधी, १८७६-७८ च्या मद्रास इलाख्यातील दुष्काळात, डब्ल्यू. डब्ल्यू. हूपर या लष्करी अधिकाऱ्याने अन्नाविना सुकलेल्या माणसांचे गट जुळवून छायाचित्रे घेतली होती आणि त्याबद्दल त्याच्यावर टीकाही झाली. भुकेल्या माणसालाही ‘पोज’ द्यावी लागली, ही छायाचित्रणाच्या इतिहासातील बोचरी वस्तुस्थिती आहे. तत्कालीन पुरातत्त्वीय छायाचित्रांतही देवळाच्या खांबाशी उभा केलेला स्थानिक माणूस अनेकदा केवळ खांबाची उंची कळावी म्हणून असतो.

सरकारी दप्तरातील ही दृष्टी स्वातंत्र्योत्तर काळात पूर्णपणे संपली असे म्हणता येत नाही. मतदारांसाठी छायाचित्र असलेली ओळखपत्रे १९९३ पासून आली. आधार क्रमांकाच्या वाटपाचा आरंभ २९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली या गावी झाला. अशा छायाचित्रात मान सरळ, चेहरा समोर, पार्श्वभूमी कोरी. दरवर्षी ऊसतोडीसाठी स्थलांतर करणारे बीड जिल्ह्यातील पती-पत्नी मुकादमाच्या हिशेबात मिळून ‘एक कोयता’ असतात. ज्यांची मोजणीच अवजाराच्या नावाने होते, त्यांना आपली प्रतिमा आपण ठरविण्याची संधी कोठे मिळाली, हा प्रश्न म्हणूनच अप्रस्तुत नाही.

पडद्यापुढची मुभा :

ती संधी तालुक्याच्या गावच्या फोटो स्टुडिओत आणि जत्रेतील रंगविलेल्या पडद्यापुढे मिळाली. या पडद्यांचे नाते मराठी रंगभूमीशी आहे. कोल्हापूरचे आनंदराव व बाबूराव पेंटर हे बंधू चित्रपटाकडे वळण्यापूर्वी नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत, हे सर्वश्रुत आहे. राजवाड्याचा जिना, कारंजे, कमानीतून दिसणारे तळे हे देखावे रंगमंचावर जसे शोभत, तसेच स्टुडिओच्या भिंतीवरही. त्या पडद्यापुढे उभा राहणारा शेतकरी आपण राजवाड्यात राहतो असे कोणाला भासवीत नसे. पाहणाऱ्यालाही पडदा पडदाच दिसे. पण कोणता पडदा, हातात घड्याळ की मांडीवर रेडिओ, हे त्याने निवडलेले असे. या निवडीला खोटेपणा म्हणणारे अभ्यासक मूळ मुद्दाच हरवून बसतात.

व्यक्ती आणि पात्र यांतील अंतर मराठी समाजाला अपरिचित नव्हते. बालगंधर्वांची (१८८८-१९६७) स्त्रीभूमिकांतील छायाचित्रे याची उत्तम साक्ष देतात. रसिकांनी जपलेली ती छायाचित्रे नारायण श्रीपाद राजहंस या गृहस्थाची नव्हती, तर भामिनीची, रुक्मिणीची, सिंधूची होती. मानेची कलती रेषा, पदराची ठेवण, नजरेची दिशा यांतून पात्र उभे राहते, शरीर कोणाचे हा प्रश्न दुय्यम ठरतो. खेळातील पात्राच्या छायाचित्राचा सर्वांत जवळचा पूर्वज शोधायचा तर तो येथे सापडतो.

स्थिरतेचा प्रश्न :

ओल्या कोलोडियन काचेच्या काळात, म्हणजे १८५१ नंतरची सुमारे तीन दशके, एका छायाचित्रासाठी कित्येक सेकंद निश्चल राहावे लागे. त्यासाठी डोक्यामागे लोखंडी आधार लावीत. जुन्या छायाचित्रांतील गंभीर, ताठर चेहऱ्यांचे एक कारण हा आधार आहे. खेळात याची जागा ‘पॉज’ने घेतली आहे. पात्र क्षणभरही स्वस्थ बसत नाही. ते पापण्या मिटते, जांभई देते, भूक लागली की हातवारे करते. खेळाडू काळ थांबवितो आणि थांबलेल्या काळात कॅमेरा मात्र फिरवीत राहतो. ही सोय दीनदयाळांनाही नव्हती.

तरीही नुसते थांबविणे पुरत नाही. निवडलेल्या पात्राच्या डोक्यावर हिरवा स्फटिक तरंगत असतो, विचारांचे बुडबुडे उमटत असतात. ही सर्व खेळाची यंत्रणा आहे, पात्राचे आयुष्य नव्हे. म्हणून जाणकार खेळाडू प्रथम ती चिन्हे दडवितात. त्यानंतर येतो अंतराचा प्रश्न. कॅमेरा चेहऱ्याच्या अगदी जवळ नेला तर नाक मोठे आणि कान लहान दिसतात. मागे सरून दृश्य जवळ ओढले तर चेहरा प्रमाणात राहतो. खऱ्या कॅमेऱ्याबाबतही हेच खरे आहे. खेळ आपोआप देतो ते दृश्य वरून, छताच्या उंचीवरून असते, कारण ते घर चालविण्यासाठी असते. पाळत ठेवणाऱ्याची ती नजर आहे. कॅमेरा पात्राच्या डोळ्यांच्या पातळीवर उतरविला की तेच पात्र माणसासारखे दिसू लागते. एवढी एकच गोष्ट पाळली तरी नवशिक्याचे निम्मे काम होते, असे म्हणणे वावगे ठरणार नाही.

पार्श्वभूमीसाठी खेळाडू पुष्कळदा संपूर्ण घर बांधीतच नाहीत. दोन-तीन भिंती, एक खिडकी, एक खुर्ची एवढेच उभारतात. चौथी भिंत कॅमेऱ्यासाठी मोकळी. नाटकाचा रंगमंच आणि जत्रेचा पडदा या दोहोंची ही थेट पुनरावृत्ती आहे. मार्च २०२० मध्ये निन्टेंडोच्या ‘ॲनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स’ या खेळाने तर हार्वे नावाच्या पात्राच्या बेटावर ‘फोटोपिया’ हा स्टुडिओच दिला. तेथे भिंत, जमीन, सामान आणि पात्रे सर्व हवी तशी मांडावीत आणि छायाचित्र काढावे. टाळेबंदीच्या महिन्यांत, जेव्हा गावोगावचे खरे स्टुडिओ बंद होते, तेव्हा हा कल्पित स्टुडिओ उघडा होता.

पोजसंबंधी मात्र प्रस्तुत लेखकाचे मत रूढ प्रघाताहून भिन्न आहे. खेळाडूंनी तयार केलेल्या पोजच्या संचांमुळे पात्राला हव्या त्या ठेवणीत गोठविता येते. त्यांतील पुष्कळशा पोज फॅशनच्या नियतकालिकांना शोभतील अशा असतात. चित्र देखणे होते, पण डोक्यामागचा लोखंडी आधार जणू परत येतो. याउलट २०१४ च्या ‘द सिम्स ४’ मध्ये पात्राच्या मनःस्थितीनुसार त्याची चाल, खांदे व चेहरा बदलतात. पात्राला आधी खऱ्या अर्थाने आनंदी वा उदास होऊ द्यावे आणि मग काळ थांबवावा, हा मार्ग वेळखाऊ असला तरी फलदायी आहे. गिऱ्हाइकाला बोलते करून मगच शटर दाबणारा जुना स्टुडिओवाला हेच करीत असे.

प्रकाश आणि वर्ण :

या विषयाचा सर्वांत नाजूक भाग वर्णाचा आहे. काचेच्या निगेटिव्हवर पेन्सिलने रिटचिंग करून चेहरा उजळ करण्याची प्रथा स्टुडिओत सर्वत्र होती. गिऱ्हाईक ते मागत असे आणि छायाचित्रकार न मागताही करून देत असे. रंगीत छपाईच्या काळात कोडॅक कंपनीने रंगांचा मेळ तपासण्यासाठी वापरलेल्या प्रमाणपत्रिकांवर दीर्घकाळ गोऱ्या स्त्रीचाच चेहरा होता. परिणामी सावळ्या चेहऱ्याचे बारकावे छायाचित्रात हरवत. खेळातही हाच वारसा उतरला. ‘द सिम्स ४’ मधील गडद वर्ण राखाडी व निर्जीव दिसतात, अशी खेळाडूंची तक्रार अनेक वर्षे होती. डिसेंबर २०२० मध्ये शंभराहून अधिक नवे वर्ण समाविष्ट करण्यात आले, तेव्हा ती काही अंशी दूर झाली.

बालाघाटाच्या उन्हात राबलेल्या चेहऱ्याचे पात्र घडविणाऱ्यास म्हणूनच प्रकाशाचे शास्त्र समजून घ्यावे लागते. पात्रामागे उजळ खिडकी ठेवली तर चेहरा काळवंडतो. दुपारचा प्रकाश डोळ्यांखाली खड्डे पाडतो. सकाळ किंवा सायंकाळची वेळ निवडावी, चेहऱ्यावर एका बाजूने प्रकाश पडेल असा दिवा ठेवावा आणि त्याचा रंग किंचित पिवळा करावा. खेळातील दिव्यांचा रंग व तीव्रता बदलता येते. वर्ण न उजळवता चेहरा उठावदार करणे शक्य आहे, हे येथे प्रत्यक्ष दिसून येते. पेन्सिलीची गरज राहत नाही.

वेशभूषेच्या बाबतीत मुभा अद्याप अपुरी आहे. मुंबईच्या फॅशन स्ट्रीटवरून प्रेरणा घेतलेला कपड्यांचा संच ‘द सिम्स ४’ मध्ये ऑक्टोबर २०२१ मध्ये आला, म्हणजे पहिल्या खेळानंतर एकवीस वर्षांनी, आणि तोही वेगळे पैसे मोजून. ऑक्टोबर २०२२ पासून मूळ खेळ विनामूल्य झाला असला तरी अशा संचांचे मूल्य कायम राहिले. काष्ट्याचे लुगडे, खांद्यावरचे उपरणे, कपाळभर कुंकू हवे असेल तर ते खेळाडूंनीच घडवून एकमेकांना द्यावे लागते. स्टुडिओत तरी माणूस निदान स्वतःचे लुगडे नेसून जात असे.

घराच्या भिंतीवरील तसबीर :

मराठवाड्यातील अनेक घरांत दिवंगत वडीलधाऱ्यांची हार घातलेली तसबीर दर्शनी भिंतीवर असते. हयातीत त्या व्यक्तीचे एकही स्वतंत्र छायाचित्र निघालेले नसेल, तर लग्नाच्या समूहचित्रातून वा मतदार ओळखपत्रावरून चेहरा उचलून तो मोठा करण्यात येतो. मागे निळे आकाश वा फुलांची बाग भरली जाते, अंगावर कोट वा नवे लुगडे चढविले जाते. रचनेचे तंत्र १८६३ च्या जॉन्सनचेच आहे. पण येथे मेळ घालणारा परका ग्रंथकर्ता नसून मुलगा किंवा नात असते, आणि सरकारी कोऱ्या पार्श्वभूमीवरचा चेहरा ती आपल्या घरच्या पार्श्वभूमीवर आणून ठेवते.

‘द सिम्स’ मालिकेतील पात्रेही वृद्ध होतात आणि मरतात. त्यांच्या मागे समाधिशिला उरते. खेळात काढलेले छायाचित्र चौकटीत बसवून त्याच घराच्या भिंतीवर लावता येते. पिढ्यान्‌पिढ्या एकच कुटुंब चालविणारे खेळाडू पूर्वजांच्या तसबिरींची अशी रांग जिन्याच्या भिंतीवर लावतात, आणि नव्या पिढीतील पात्रे खाली-वर करताना त्या रांगेवरून जात राहतात.